पेस ६ मध्ये कोल्हापूरच्या तालमी घालायच्या आहेत, कुठली टूल्स लागतील?

रंकाळ्याचा_विंगर

नमस्कार मंडळी. जुने गेम खेळणारे बरेच जण इथं आहेत म्हणून धागा काढतोय. माझ्या पीसीवर पेस ६ (कोनामी कंपनीचा प्रो इव्होल्यूशन सॉकर ६) अजून चालतंय आणि त्याच्यानंतरचा कुठलाच फुटबॉल गेम मला रुचला नाही, ते जाऊ दे. तर त्यात टीम ए, टीम बी, टीम सी अशा १८ रिकाम्या टीम आहेत बघा, त्यांच्या जागी आपल्या केएसए (कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशन) लीगच्या तालमी, म्हणजे आपले फुटबॉल क्लब, बसवायच्या असं खूळ डोक्यात शिरलंय. पाटाकडील, शिवाजी, खंडोबा, बालगोपाल, दिलबहार, प्रॅक्टिस, फुलेवाडी, सगळे. गेमच्या एडिट मोडमधनं नावं टाकून झाली, रंग पण दिले, पण जर्सी शाळेच्या पीटीच्या कपड्यागत दिसायला लागल्यात. नेटवर शोधलं तर किटसर्व्हर, एएफएस एक्सप्लोरर, जीजीएस, पेस एडिटर, फॅन एडिटर अशी दहा नावं, आणि कुठलं कशाला हे कायबी कळंना. व्हिडिओ बघितले तर निम्मे पोर्तुगीजमध्ये. कुणीतरी बैजवार सांगा, लई उपकार होतील.

जुनी_सीडी

एक गोष्ट आधी ध्यानात घे म्हणजे निम्मा गोंधळ तिथंच मिटेल. पेस ६ मध्ये माल दोन वेगळ्या ठिकाणी असतो.

नावं, कोण कुठल्या टीममध्ये, वय, उंची, शॉट पॉवर, फॉर्मेशन, हे सगळं ऑप्शन फाइलमध्ये. ती गेमच्या फोल्डरात नसते. डॉक्युमेंट्समध्ये जा, कोनामी, त्यात प्रो इव्होल्यूशन सॉकर ६, त्यात सेव्ह, त्यात फोल्डर१, तिथं जिचं नाव ओपीटीवर संपतं ती. तिची कॉपी आत्ताच्या आत्ता पेनड्राइव्हवर काढून ठेव, मग पुढचं वाच.

आणि जे डोळ्यांना दिसतं म्हणजे जर्सी, चेहरे, बॉल, मैदान, मेनू, ते गेमच्या डॅट फोल्डरात ०_टेक्स्ट नावाची एक अवाढव्य एएफएस फाइल (म्हणजे हजारो फाइलींचं एक गाठोडं) आहे त्यात कोंबलेलं. आवाज ०_साउंड मध्ये, इंग्रजी कॉमेंट्री ई_साउंड मध्ये.

पहिल्या मालाला पेस एडिटर. कंपल्शन नावाच्या एका फॅनने जावामध्ये लिहिलेलं, त्यामुळं मशीनवर जावा हवंच, नाहीतर डबल क्लिक करून काहीच होत नाही आणि लोक टूलला शिव्या घालतात. फॅन एडिटर पण त्याच कुळातलं. गेमच्या एडिट मोडमध्ये एकेका खेळाडूसाठी जॉयस्टिक दाबत बसायचं ते इथं माऊसने उरकतं, बदल्या तर खेळाडू ओढून दुसऱ्या टीमवर टाकला की झाली. ऑप्शन फाइल उघडी नसते, तिच्यावर कुलूप असतं आणि शेवटी बेरजेचा ताळा असतो, तो चुकला तर गेम फाइल घेतच नाही. हे एडिटर सेव्ह करताना ते सगळं गुपचूप जुळवतं, म्हणून हेक्स एडिटर (फाइलीतले कच्चे आकडे बदलायचं टूल) घेऊन शहाणपणा करू नये.

दुसऱ्या मालाला दोन रस्ते आहेत. जेवून आल्यावर लिहितो.

सेमीफायनलपर्यंत_येऊन

पेस ६ कशाला पण? २००६ चा गेम आहे तो. फिफा १६ घे आणि क्रिएशन मास्टर टाक, एका खिडकीत सगळं, टीम, लीग, जर्सी, झेंडे, स्पर्धेचं वेळापत्रकसुद्धा. रिनाल्डोचं टूल आहे, पार जुन्या फिफापासून दर वर्षीची आवृत्ती काढायचा तो. नवीन लीग तयार करता येते, पेसमध्ये आहे त्याच खोल्यांत भाडेकरू बदलायचे फक्त. फिफा १७ पासून फिफा बनवणाऱ्या ईए कंपनीने फ्रॉस्टबाइट इंजिन आणलं आणि क्रिएशन मास्टरची गोष्ट तिथं संपली, म्हणून म्हणतो १६ घे.

जुनी_सीडी

@सेमीफायनल, क्रिएशन मास्टर भारीच, वाद नाही. फिफा ०८ च्या काळात एक फाइल बदलली की बीएच फाइली नव्याने बनवायला रीजनरेटर चालवायचा, तो विसरला की गेम जुनंच दाखवणार, हे ज्याने भोगलंय त्याला माहीत. पण त्याचा पीसी फिफा १६ ला ढेकर देणार का हे आधी विचार. आणि दुसरं म्हणजे त्याला पेस ६ आवडतं, विषय संपला.

तर दोन रस्ते.

जुना रस्ता, एएफएस एक्सप्लोरर. ०_टेक्स्ट उघडायची, आत हजारो बिन फाइली दिसतात, बऱ्याचशा बिननावाच्या, नुसते नंबर. हवी ती बाहेर काढायची, जीजीएस म्हणजे गेम ग्राफिक स्टुडिओ, त्यात उघडून चित्र बदलायचं, परत आत ढकलायची. इथं मेख अशी की एएफएसमध्ये प्रत्येक फाइलला जागा राखलेली असते. नवी फाइल त्या जागेपेक्षा मोठी झाली तर आत बसत नाही, मग राखीव जागा वाढवून पूर्ण एएफएस पुन्हा बांधायची. एवढी मोठी फाइल पुन्हा बांधताना लाइट गेली की गेम परत इन्स्टॉल. २००७ साली लोडशेडिंगमध्ये हे उद्योग केलेत लोकांनी, हसू नका.

नवा रस्ता, किटसर्व्हर. नवा म्हणजे तोही त्याच काळातला, जूस नावाच्या गड्याचा. याची अक्कल अशी की मूळ एएफएसला हातच लावायचा नाही. गेम सुरू होताना किटसर्व्हर त्याच्या आत शिरून बसतो, गेमने अमुक टीमची जर्सी मागितली की मधेच अडवतो आणि स्वतःच्या जीडीबी नावाच्या फोल्डरातली तुझी पीएनजी (चित्राची फाइल) पुढं करतो. गेमला पत्ता नाही. नको झालं तर काढून टाक, मूळ माल शाबूत. जर्सीच नाही, बॉल, स्टेडियम, चेहरे, केस, सगळ्याचे वेगळे सर्व्हर त्याच तत्त्वावर. पुढं त्यानेच एएफएस-टू-एफएस आणलं, म्हणजे कुठलीही बिन फाइल साध्या फोल्डरात ठेवायची, एक्सप्लोररची कटकटच गेली.

तू किटसर्व्हर घे. एक्सप्लोररच्या वाटेला जाऊ नको.

मडगाव_एक्सप्रेस

वा काय धागा काढलाय. मी मागं हेच गोव्यासाठी केलं होतं. धेंपो, साळगावकर, चर्चिल ब्रदर्स, स्पोर्टिंग क्लब दि गोवा, वास्को, उरलेल्या जागी मोहन बागान आणि ईस्ट बंगाल, त्यांच्याशिवाय मजा नाही. धेंपोची आय-लीग जिंकणारी टीम घातली होती, रांती मार्टिन्स, बेटो, क्लायमॅक्स लॉरेन्स, महेश गवळी, समीर नाईक. पेस ६ मध्ये भारत देशच नाही त्यामुळं एकाला सुद्धा आयता चेहरा मिळत नाही, सगळे एडिट मोडमधल्या तयार नाकाडोळ्यांतून जुळवायचे. आमच्या मित्रमंडळीत सगळ्यांत जास्त भांडण रांतीच्या शॉट अ‍ॅक्युरसीवरून झालं. २०११-१२ मध्ये ३२ गोल मारलेत बाबाने लीगमध्ये, ९० च्या खाली देऊ कसा? तर एक साळगावकरचा माणूस हटून बसला की ब्राझीलच्या आद्रियानोच्या पंगतीत बसवू नको.

@विंगर, नावाला १५ च अक्षरं मिळतात आणि ती पण रोमन, गेमच्या फॉन्टात देवनागरी नाही. आडनाव लांब असेल तर आद्याक्षर आणि आडनाव एवढंच घाल. टीमला तीन अक्षरांचं छोटं नाव लागतं स्कोअरबोर्डवर, तिथं तुमचं कोल्हापूरचं बरंय, पीटीएम, केटीएम, आयतंच तयार.

रंकाळ्याचा_विंगर

@जुनी_सीडी दादा, एवढं सोपं करून कुणीच सांगितलं नव्हतं. @मडगाव, पीटीएम घातलं सुद्धा, स्कोअरबोर्डवर बघून अंगावर काटा आला.

किटसर्व्हर टाकलाय. जर्सी पण काढली जिंप नावाच्या चित्रांच्या सॉफ्टवेअरमध्ये. पण मॅचमध्ये जुनीच जर्सी येतेय. काय राहिलं असेल?

जुनी_सीडी

चार ठिकाणी बघ, याच्या बाहेर सहसा काही नसतं.

गेम प्रोग्राम फाइल्समध्ये टाकलाय का? टाकला असशील तर काढ आणि सरळ डी ड्राइव्हवर गेम्स नावाचं फोल्डर करून तिथं टाक. विंडोज व्हिस्टापासून त्या फोल्डरात लिहायला सिस्टीम सुखासुखी देत नाही, टूल म्हणतं सेव्ह झालं आणि फाइल भलतीकडंच जाते.

किटसर्व्हरच्या फोल्डरातलं सेटअप अ‍ॅडमिन म्हणून चालवून पेस६ ला जोडलंस का? नुसतं फोल्डर कॉपी करून भागत नाही.

मग जीडीबीमधल्या युनी फोल्डरात मॅप नावाची टेक्स्ट फाइल आहे ती उघड. एका ओळीत एक टीम. आधी टीमचा नंबर, मग स्वल्पविराम, मग दुहेरी अवतरणात फोल्डरचा पत्ता. नंबर म्हणजे गेमने आत दिलेला क्रमांक, मेनूत कितवी दिसते तो नव्हे, इथं फसतात सगळे. ओळीच्या सुरुवातीला हॅश असेल तर ती ओळ वाचलीच जात नाही. त्या फोल्डराच्या आत पीए, पीबी, जीए, जीबी अशी चार पोटफोल्डरं, पी म्हणजे खेळाडूंची, जी म्हणजे गोलकीपरची, ए घरची बी बाहेरची. प्रत्येकात जर्सीचं चित्र, नंबरांची चित्रं, नावाचा फॉन्ट आणि एक कॉन्फिग फाइल. कॉन्फिगमध्ये कॉलर आहे की नाही, चड्डीवर नंबर डावीकडं की उजवीकडं, पाठीवर नाव सरळ की कमानीत, आणि खाली रडारवर टीमचा ठिपका कुठल्या रंगाचा, हे सगळं एकेका ओळीत.

शेवटचं, पीएनजी. जिंपमधून तू बहुतेक नेहमीची २४ बिटची काढली असशील. याला २५६ रंगांची इंडेक्स्ड लागते. इमेज, मोड, इंडेक्स्ड, २५६, मग एक्स्पोर्ट. माप ५१२ बाय २५६, किंवा झकास दिसायला हवी तर दुप्पट, १०२४ बाय ५१२. लांबी रुंदी एक पिक्सेल इकडं तिकडं चालत नाही.

रंकाळ्याचा_विंगर

आली!!! मॅपमधला नंबर होता दादा, आणि पीएनजी पण. पाटाकडीलची जर्सी घालून पोरं मैदानावर उतरली, गल्लीतली दोन पोरं बघायला आली आणि आता रोज विचारत्यात आमची कधी घालतोस.

ब्रॅम्प्टनकर

वाचनमात्र होतो, राहवलं नाही. कास्टोलो, मिनांडा, इव्हारोव्ह ही नावं ज्याला आठवतात त्याने हात वर करा. मास्टर लीग या क्लब चालवायच्या मोडमध्ये फुकट मिळालेली ती खोटी माणसं घेऊन सुरुवात करायची आणि दोन सीझननंतर त्यांना विकताना जीव तुटायचा.

एक प्रश्न, हे कायदेशीर आहे का? इथं माझा मुलगा विचारत होता.

जुनी_सीडी

स्वतःच्या विकत घेतलेल्या गेममध्ये स्वतःसाठी जर्सी बदलणं आणि अख्खा गेम क्लबांच्या लोगोसकट झिप करून वाटणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. म्हणूनच जुने मॉडर्स फक्त ऑप्शन फाइल आणि जीडीबी फोल्डर वाटायचे, गेम तुमचा तुम्ही आणा. मी वकील नाही, पण पैसे घेऊन पॅच विकणाऱ्यांपासून चार हात लांब राहावं.

तसंही या सगळ्याचं मूळ कायद्यातच आहे. कोनामीकडं लायसन नसायची. पेस ६ मध्ये इंग्लंडातले आर्सेनल आणि मँचेस्टर युनायटेड तेवढे खरे, लिव्हरपूल झालं मर्सीसाइड रेड, चेल्सी लंडन एफसी. जर्मन लीगचं लायसन गेलं, बायर्न म्युनिक एकटं उरलं, आणि लोक म्हणतात की त्या गेलेल्या लीगच्याच जागी या १८ टीम ए, टीम बी आल्या. युरोपातली पोरं गेम आणल्या आणल्या त्यात बुंडेसलिगा भरायची. ईएकडं लायसन होती पण तिथंही सगळं गोड नव्हतं, गोलकीपर ऑलिव्हर कानने आपलं नाव आणि चेहरा न विचारता वापरला म्हणून त्यांना कोर्टात खेचलं होतं आणि तो जिंकला. खोटी नावं खरी करायला म्हणून ही टूल्स जन्माला आली, तालमी घालायला नाही, पण रिकामी खोली ती रिकामी खोली.

सेमीफायनलपर्यंत_येऊन

विकण्यावरून आठवलं, ब्राझीलमध्ये बॉम्बा पॅच नावाचं प्रकरण आहे. प्लेस्टेशन २ च्या पेसमध्ये तिकडच्या लीग, पोर्तुगीज कॉमेंट्री, तिकडची गाणी घालून वर्षानुवर्षं नव्या आवृत्त्या निघतायत, कन्सोल बंद पडून जमाना झाला तरी. त्या पोर्तुगीज व्हिडिओंचं कारण तेच.

आणि तुमच्या लाडक्या कोनामीने काय केलं बघा, पेस २०२१ ला नुसता सीझन अपडेट म्हणून विकलं आणि पुढं २०२१ मध्येच ई-फुटबॉल आणला. सगळं ऑनलाइन, त्यांच्या सर्व्हरवर. त्यात घाला बघू तालीम.

जुनी_सीडी

ह्या एका बाबतीत सेमीफायनलशी सहमत :) पेस २०२१ पर्यंत जूसचंच साइडर आहे, किटसर्व्हरचं धाकटं भावंड समज, सीपीके फाइली (एएफएससारखीच गाठोडी) न फोडता बाहेरच्या फोल्डरातून माल वाढतं. म्हणजे २०२१ पर्यंत रान मोकळं. त्याच्या पुढं कंपनी म्हणेल तेच कपडे. ईएने फिफा २२ मध्ये आयएसएल (इंडियन सुपर लीग) घेतली तेव्हा मुंबई सिटी, एफसी गोवा आयते मिळाले, बरं वाटलं, पण फुलेवाडी कोण घालणार? ती आपणच घालायची.

कुसाळ

कॉमेंट्री कोल्हापुरीत करता येईल का? "आला आला आला, हाणला, आर्र बाहेर गेला की रं" असं काहीतरी.

मडगाव_एक्सप्रेस

@कुसाळ, येते पण जीव काढते. ई_साउंड मधली एकेक आरोळी एडीएक्स नावाच्या फॉरमॅटात असते. वेव्ह रेकॉर्ड करून एडीएक्समध्ये बदलायची, मूळ तुकड्याइतकीच लांबी ठेवायची, नाहीतर गोल झाल्यावर कॉमेंटेटर थ्रो-इनबद्दल बोलतो. आणि असे तुकडे किती? पीटर ब्रॅक्ली बोलतो तेवढे सगळे, वर ट्रेव्हर ब्रुकिंगचे वेगळे. आम्ही कॉमेंट्रीच्या नादाला लागलो नाही, फक्त प्रेक्षकांचा आरडाओरडा बदलला, तेवढ्यानं सुद्धा फातोर्ड्याच्या स्टेडियमला बसल्यासारखं वाटलं. तुम्ही शाहू स्टेडियमवर मोबाइलने आवाज घ्या, हलगी वाजत असेल तर तो तुकडा गोलनंतरच्या जल्लोषावर टाका.

@विंगर, तालमीचा लोगो ऑप्शन फाइलमध्येच जातो, किटसर्व्हरमध्ये नको शोधू. ६४ बाय ६४ चं चित्र, १६ किंवा १२८ रंग. एवढ्याशा जागेत बारीक अक्षरं वाचता येत नाहीत, तालमीचं पूर्ण नाव लिहायच्या फंदात पडू नको, मधलं चिन्ह तेवढं मोठं घे.

ब्रॅम्प्टनकर

वाइड स्क्रीनवर खेळाडू जाडे दिसतात त्याला काही?

जुनी_सीडी

किटसर्व्हरमधलाच एलओडी मिक्सर. त्याची छोटी सेटिंगची खिडकी येते, रेझोल्यूशन आणि आस्पेक्ट रेशो तिथं भरायचा. त्याच खिडकीत लांबचे खेळाडू पण बारकाईने दाखवायची सोय आहे, जुन्या मशीनला ती झेपायची नाही, आजच्या कुठल्याही लॅपटॉपला झेपेल.

रंकाळ्याचा_विंगर

अपडेट. बऱ्याचशा तालमींच्या जर्सी झाल्या, लोगो झाले, मॅप फाइल तोंडपाठ झाली. कप मोडमध्ये चषक पण लावला. आता अडलंय ते टूलमध्ये नाही, आकड्यांमध्ये. एडिटरमध्ये प्रत्येक खेळाडूला अटॅक, डिफेन्स, बॅलन्स, स्टॅमिना, टॉप स्पीड, काय काय ९९ पर्यंत भरायचं. मी आपला सरासरी धरून पाटाकडीलच्या फॉरवर्ड लाइनला ७८ ते ८२ दिलं आणि शिवाजीला पण तेवढंच. संध्याकाळी फाइल व्हॉट्सअ‍ॅपवर दोन दोस्तांना पाठवली. पाटाकडीलवाला म्हणतोय आमच्यावर अन्याय, शिवाजीवाला म्हणतोय तू पहिल्यापासून त्यांचाच.

कुसाळ

शिवाजीचा डिफेन्स किती दिलायस ते आधी सांग. मग बोलू.

रंकाळ्याचा_विंगर

७६.

कुसाळ

शह्यात्तर?? गेल्या लीगची मॅच बघितलीस का घरातच होतास? आणि खंडोबाच्या कीपरला काय दिलंयस?

मडगाव_एक्सप्रेस

सुरू झालं :D @विंगर, आम्ही शेवटी असा तोडगा काढला की प्रत्येक टीमचे आकडे दुसऱ्या टीमच्या माणसाने भरायचे आणि ९० च्या वर द्यायचं असेल तर तिघांची संमती. धेंपोचे आकडे चर्चिलवाल्याने भरले. तीन महिने कुणी कुणाशी बोललं नाही पण फाइल झाली. ९५ च्या पुढं आकडा लाल दिसतो, तो रंग फक्त परदेशातनं आणलेल्या एखाद्या खेळाडूला द्या, म्हणजे गल्लीत भांडण नाही.

जुनी_सीडी

आणि कन्सिस्टन्सी विसरू नका, १ ते ८ असते. ज्याला आकडे कमी द्यायचे नाहीत पण फॉर्मचा भरवसा नाही त्याला कन्सिस्टन्सी ३ द्या. आकडा दिसायला मोठा राहतो, माणूस खूश, आणि फॉर्म दाखवणारा बाण दर मॅचला नाचतो.

कुसाळ

ही आयडिया पाटाकडीलच्या स्ट्रायकरला लावा. ९० द्या, कन्सिस्टन्सी १.

रंकाळ्याचा_विंगर

फाइल उद्या रात्री टाकतो. आकडे कोण भरणार त्यांनी खाली तालमीचं नाव लिहा, स्वतःची सोडून.